बिनशिक्क्याची ऊर्जा

हिंगणघाटच्या कापूसबाजारात हंगामाच्या दिवसांत ज्याने एकदा तरी गाडी लावली असेल, त्याला हे निराळे सांगावयास नको की, तेथे शेतकऱ्याच्या शब्दाला जेवढे मोल असते तेवढेच व्यापाऱ्याच्याही शब्दाला असते, म्हणजे मोजमाप होईपर्यंत कोणाच्याच शब्दाला फारसे नसते. भरली गाडी काट्यावर चढते, रिकामी होऊन पुन्हा चढते, आणि या दोन वजनांची वजाबाकी हाच मालासंबंधीचा अखेरचा निवाडा ठरतो. कापसातील ओलावा यंत्राने पाहिला जातो, सरकारी खरेदीत तो शेकडा ८ च्या वर गेला की भाव उतरतो आणि १२ च्या पलीकडे गेला की माल माघारी फिरतो. ज्या काट्यावर हे सर्व घडते त्याच्यावर सरकारी शिक्का असावा लागतो आणि तो मुदतीत पुन्हा मारून घ्यावा लागतो. या शिरस्त्याचा जाच पुष्कळांना होत असेल. परंतु मोजणेच मुळी गैर आहे, माल मोजू नका, त्याचा अनुभव घ्या, असे म्हणणारा अडत्या अद्याप या बाजारात उभा राहिलेला नाही, आणि उभा राहिला तर हमाल-मापारीसुद्धा त्याला हसतील.

असे असता, याच शहरात, आणि वर्धा-नागपूरपासून पुण्या-मुंबईपर्यंत मंगल कार्यालयांतून भरणाऱ्या प्रदर्शनांत, गुळगुळीत कागदावर छापलेल्या पत्रकांतून आणि हल्ली विशेषेकरून मोबाइलच्या पडद्यावरून, एक असा माल राजरोस विकला जात आहे की ज्याचे वजन, माप, प्रत यांपैकी काहीच विचारण्याची सोय नाही. स्फटिकाचे लोलक, स्फटिकाचे पिरॅमिड, पाण्याच्या पेल्याखाली ठेवावयाच्या चकत्या, फोनच्या पाठीला चिकटवण्याचे तुकडे, या सर्वांच्या मागे म्हणे एक ‘तंत्रज्ञान’ आहे, आणि ते कंपनरूप ऊर्जा ग्रहण करते, शुद्ध करते व प्रक्षेपित करते. विक्रेता प्रारंभी ऋषिमुनींचा दाखला देतो, ऐकणारा विज्ञानाचा पदवीधर निघाला तर क्वांटमचा देतो, आणि पावती मागितली तर तीवर केवळ ‘शोभेची वस्तू’ असे लिहून देतो. या व्यवहाराविषयी माझे म्हणणे थोडक्यात असे आहे : जो ऊर्जा विकतो त्याने ती किती हे सांगितले पाहिजे, ज्या परिमाणात सांगावयाची ते परिमाण देशाच्या कायद्याने मान्य केलेले असले पाहिजे, आणि असे सांगावयास त्याला भाग पाडण्याचा अधिकार सरकारपाशी आज, या घटकेला, उपलब्ध आहे.

या वादात एक चूक सुशिक्षित मंडळी नेहमी करतात. स्फटिक आणि कंपन यांचा काही संबंधच नाही, सगळे थोतांड आहे, असे ते एका वाक्यात सांगून मोकळे होतात. आणि मग विक्रेता मनगटावरचे घड्याळ दाखवून त्यांना निरुत्तर करतो. वस्तुतः संबंध आहे, आणि तो इतका घनिष्ठ आहे की त्याच्यावाचून आधुनिक संसार एक दिवस चालणार नाही. १८८० साली पॅरिसमध्ये जाक आणि पिएर या क्युरी बंधूंनी दाखवून दिले की क्वार्ट्‌झ, टुर्मलीन यांसारख्या काही विशिष्ट स्फटिकांवर दाब दिला असता त्यांच्या पृष्ठभागांवर विद्युत्‌भार प्रकट होतो. पुढल्याच वर्षी लिपमान यांनी गणिताने असे अनुमान केले की याच्या उलटही घडले पाहिजे, म्हणजे वीज दिली असता स्फटिक आकुंचन-प्रसरण पावला पाहिजे, आणि क्युरी बंधूंनी तेही प्रयोगाने सिद्ध केले. स्वयंपाकघरात गॅस पेटवताना लायटरचा जो खटका वाजतो, त्यात एक लहानशी हातोडी अशाच पदार्थावर आदळते आणि हजारो व्होल्टांची ठिणगी पडते. घड्याळातील क्वार्ट्‌झचा चिमुकला चिमटा सेकंदाला ३२,७६८ वेळा थरथरतो; ही संख्या मुद्दाम निवडलेली आहे, कारण ती पंधरा वेळा निम्मी केली असता बरोबर एक उरतो, आणि तोच आपला सेकंद. १९६९ च्या नाताळात जपानच्या सेइको कंपनीने क्वार्ट्‌झवर चालणारे पहिले मनगटी घड्याळ विक्रीस काढले तेव्हा त्याची किंमत छोट्या मोटारीएवढी होती. आज तसले यंत्र कोणत्याही बाजारात भाजीच्या भावाने मिळते.

परंतु स्फटिकाच्या कंपनाचा सर्वांत जबर दाखला घड्याळाचा नाही, सोनोग्राफीचा आहे. पहिल्या महायुद्धात शत्रूच्या पाणबुड्या हुडकण्यासाठी पॉल लांजव्हँ यांनी क्वार्ट्‌झच्या तबकडीने पाण्यात ध्वनिलहरी सोडून त्यांचा प्रतिध्वनी टिपण्याची जी युक्ती सिद्ध केली, तिचीच ही वैद्यकीय संतती. क्वार्ट्‌झच्या जागी आता शिसे, झिर्कोनियम व टायटॅनियम यांपासून घडवलेला पदार्थ असतो. त्याला वीज देताच तो सेकंदाला लाखो वेळा कंप पावतो, त्या लहरी शरीरात शिरतात, अवयवांच्या सीमेवर परावर्तित होतात, तोच पदार्थ त्यांना परत टिपतो आणि त्यातून चित्र उभे राहते. हे कंपन इतके खरे, इतके निर्णायक ठरले की त्याच्या योगे गर्भाचे लिंग आधीच कळू लागले, आणि मुलींच्या जन्मावर त्याचा जो भयंकर परिणाम झाला तो पाहून महाराष्ट्राला देशात सर्वप्रथम, १९८८ साली, गर्भलिंगपरीक्षेवर निर्बंध घालणारा कायदा करावा लागला. केंद्राचा कायदा १९९४ साली आला. आजमितीस हे यंत्र विनानोंदणी बाळगता येत नाही, प्रत्येक तपासणीचा कागद भरावा लागतो, आणि कागदात खोट निघाली तर अंमलदार येऊन यंत्राला सील ठोकतात. स्फटिकाच्या स्पंदनाने जगात खरोखर काही घडते तेव्हा त्याच्यामागे सरकारचे दप्तर हे असे येते. प्रदर्शनातील लोलक मात्र, त्याच्या मालकाच्या सांगण्यावरून पाहता, मधुमेहापासून कोर्टकज्ज्यापर्यंत सर्वत्र प्रभाव पाडतो, आणि तरीही त्याच्या नोंदणीची गरज आजवर कोणाला भासलेली नाही.

सोनोग्राफीच्या वेळी पोटावर ती थंडगार जेली का फासतात, याचाही वाचकांनी क्षणभर विचार करावा. यंत्राचे टोक आणि कातडी यांच्यामध्ये हवेचा केसाएवढा जरी थर राहिला तरी त्या लहरी बहुतांशी तेथूनच परत फिरतात, शरीरात शिरत नाहीत. तो थर घालवण्यासाठी जेली. लाखो रुपयांचे यंत्र, विजेचा अखंड पुरवठा, सर्व साधनसामग्री असूनही जे कंपन हवेचा एक पापुद्रा ओलांडू शकत नाही, तेच कंपन हिंगणघाटच्या दिवाणखान्यात ठेवलेल्या पिरॅमिडातून निघून, खाली ठेवलेल्या छायाचित्राच्या अनुसंधानाने, अमेरिकेत नोकरीस असलेल्या चिरंजीवांच्या प्रकृतीपर्यंत पोचते असे सांगितले जाते.

दुसरी गोष्ट अशी की, स्फटिक ऊर्जेचा जनक नाही, तो केवळ रूपांतर करणारा आहे. लायटरमधील ठिणगी गृहिणीच्या अंगठ्याच्या जोरातून येते; घड्याळाची थरथर बटणाएवढ्या सेलमधून येते, आणि सेल संपला की तो क्वार्ट्‌झ कितीही शुद्ध, कितीही ‘अभिमंत्रित’ असो, मुका होतो. जुन्या पिढीतील काहींना क्रिस्टल रेडिओ आठवत असेल. गॅलिना या शिशाच्या खनिजाचा खडा आणि त्यावर टेकवलेली तार, ना बॅटरी ना विजेची जोडणी, तरी कानात गाणे! त्या खड्याच्या ठायी काही गूढ शक्ती असावी असे वाटणे स्वाभाविक होते. पण शक्ती होती ती दूरच्या प्रक्षेपण-केंद्राच्या मनोऱ्याची, खड्याचे काम केवळ त्या येत्याजात्या प्रवाहाला एका दिशेने वाट देण्याचे. विद्युत्‌लहरी ओळखण्यासाठी गॅलिनाचा असा उपयोग करण्याचे अमेरिकन पेटंट १९०४ साली मिळाले ते जगदीशचंद्र बसूंना. आपल्याच देशातील एका शास्त्रज्ञाने जी गोष्ट इतक्या स्वच्छपणे मांडून ठेवली, तिच्यावर शंभर वर्षांनी पुन्हा धुके पसरवावे हा व्यवहार मला तरी लाजिरवाणा वाटतो.

आता या स्फटिकांच्या मुलखाकडे वळू, कारण तो मुलूख आपलाच आहे. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी जो लाव्हारस थरावर थर पसरत गेला, त्याचा काळा खडक वर्धा जिल्ह्याच्या बहुतेक भागाखाली आहे. त्याच्याच झिजेतून ती काळी माती झाली जिच्यावर हिंगणघाटचा बनी कापूस एके काळी नावारूपाला आला. तो रस थंड होताना त्यात वायूचे बुडबुडे अडकून पोकळ्या राहिल्या, आणि त्या पोकळ्यांत खनिजयुक्त पाणी झिरपून युगानुयुगे स्फटिक वाढत राहिले. जळगाव, नाशिक, छत्रपती संभाजीनगर, पुणे या भागांतील दगडखाणींत आणि विहिरींच्या खोदकामात स्टिल्बाइट, ह्यूलँडाइट, अपोफिलाइट यांचे असे काही नमुने निघतात की जगातील संग्रहालये त्यांसाठी वाट पाहतात. सिन्नरचे गारगोटी संग्रहालय ज्याने पाहिले त्याला या सौंदर्याचे वर्णन करावयास नको. खाणीतून हे दगड काळजीपूर्वक सोडवणारे मजूर आणि ते देशोदेशी पाठवणारे व्यापारी यांच्याशी माझे भांडण नाही. भांडण आहे ते पुढच्या पायरीवर. आपल्या डोंगरातला अपोफिलाइट समुद्रापार जातो आणि तेथील आरोग्यपंथीयांच्या दुकानात ‘उच्च कंपनाचा दगड’ म्हणून मांडला जातो; मग तीच ख्याती, परदेशी शिफारशीसह आणि चढ्या किमतीने, स्वदेशी परत येते. गंमत अशी की, दाबाने वीज उत्पन्न होण्यासाठी स्फटिकाच्या अंतर्रचनेत एक विशिष्ट असमतोल असावा लागतो, तिच्यात सममितीचे केंद्र असून चालत नाही. आणि अपोफिलाइटच्या रचनेत ते केंद्र असते. म्हणजे ज्या एका अर्थाने ‘स्फटिक कंपनऊर्जा देतो’ हे विधान खरे ठरते, नेमक्या त्याच अर्थाने आपला हा प्रसिद्ध दगड बाद होतो. क्वार्ट्‌झ त्या कसोटीला उतरतो, पण तो नदीच्या वाळूतही मुबलक आहे आणि वणा नदीच्या काठी कोणी निरोगी झाल्याचे त्यावरून ठरत नाही.

विक्रेत्यांना मापाचे महत्त्व कळत नाही असेही नव्हे. त्यांनी आपले स्वतःचे माप शोधून काढले आहे! फ्रान्समधील नीस शहरच्या बोव्हिस यांच्या नावाने चालणारे ‘बोव्हिस’ हे परिमाण आपल्याकडील वास्तुसल्लागारांच्या आणि ऊर्जातज्ज्ञांच्या तोंडी आता सर्रास असते : अमुक घराची ऊर्जा इतके हजार बोव्हिस, साडेसहा हजारांच्या खाली गेली तर धोका, आमचा स्फटिक ठेवला की दुप्पट. ते मोजावयाचे कसे, तर हातात लोलक धरून तो कोणीकडे झुलतो ते पाहून. दोन माणसांनी एकाच खोलीत स्वतंत्रपणे मोजले तर आकडा जुळतो काय, हा प्रश्न विचारणे तेथे असभ्यपणाचे समजतात. ज्यांनी तो विचारला त्यांना काय आढळले हेही सांगतो. लंडनच्या गोल्डस्मिथ्स महाविद्यालयातील मानसशास्त्रज्ञ ख्रिस्तोफर फ्रेंच यांनी २००१ साली ८० जणांच्या हाती खडे दिले, काहींना अस्सल क्वार्ट्‌झचे, काहींना नकली. हाताला ऊब, झिणझिण्या, मनाला स्वास्थ्य इत्यादी अनुभव दोन्ही गटांना सारखेच आले, आणि असे अनुभव येतील असे ज्यांना आधी बजावले होते त्यांना ते अधिक प्रमाणात आले. अनुभव लबाड नव्हता. त्याचा उगम मात्र खड्यात नव्हता.

या क्षेत्रात महाराष्ट्राचे हात पोळलेलेच नाहीत असेही नाही. २०१३ साली मुंबई पोलिसांच्या आर्थिक गुन्हे शाखेने साखळी विक्रीच्या एका मोठ्या प्रकरणी गुन्हा नोंदवला, आणि त्या साखळीतून विकल्या जाणाऱ्या वस्तूंत पाण्याची ऊर्जा सुधारते म्हणून सांगितली जाणारी ‘बायोडिस्क’ नावाची काचेची एक चकती होती. कारवाई मात्र पैसे फिरवण्याच्या पद्धतीवर झाली, चकतीच्या गुणांवर नव्हे. चकतीचा गुण तपासणे कोणाच्या कामात बसत होते?

मोजमापाच्या बाबतीत हिंगणघाटला एक निराळाच वारसा आहे, आणि तो गावाबाहेर फारसा कोणाला ठाऊक नाही. हिंदुस्थानच्या महान त्रिकोणमितीय मोजणीचा आद्य प्रवर्तक विल्यम लँब्टन हैदराबादेहून नागपूरकडे जात असता २० जानेवारी १८२३ रोजी येथेच वारला, आणि त्याची कबर याच भूमीत आहे. १८०२ साली मद्रासजवळ त्याने सुमारे साडेसात मैलांची आधाररेषा मोजली तेव्हा शंभर फुटी पोलादी साखळी सरळ उन्हात टाकली नाही; ती लाकडी पेट्यांतून, आधारांवर, तंबूच्या सावलीत ताणली, शेजारी उष्णतामापके ठेवली, आणि पोलाद उष्णतेने किती वाढले याचा हिशेब प्रत्येक मापात धरला. एवढ्या एका रेषेला त्याने ५७ दिवस दिले. १८०८ मध्ये, सरफोजी भोसल्यांच्या तंजावरात, मोठ्या देवळाच्या शिखरावर अर्ध्या टनाचा थिओडोलाइट चढवताना दोर तुटला, यंत्र भिंतीवर आदळले आणि त्याचे वर्तुळ वाकले. तेव्हा हा गृहस्थ सुमारे सहा आठवडे तंबूत बसून स्वहस्ते ते वर्तुळ पूर्ववत करीत राहिला, कारण वाकड्या वर्तुळाने घेतलेला कोन हा कोनच नव्हे अशी त्याची धारणा होती. परकीय कंपनीच्या राज्यासाठी, तिच्या महसुलासाठी आणि फौजेसाठी हे काम झाले हे मी विसरलेलो नाही. तथापि आपल्या मापात चूक किती असू शकेल हे स्वतः होऊन नोंदवण्याची जी सवय त्या कामात दिसते, ती परकी म्हणून टाकून देण्याजोगी नाही. ऊर्जा विकणाऱ्या एखाद्या तरी पत्रकावर ‘चूक अधिक-उणे इतकी’ असा शब्द छापलेला कोणी पाहिला आहे काय?

येथे एक आक्षेप येईल, आणि तो हलका नाही. स्फटिकाची माळ घेऊन जप करणाऱ्या आजीबाईंना, देव्हाऱ्यातील स्फटिकाच्या शिवलिंगापुढे हात जोडणाऱ्या गृहस्थाला तुम्ही ज्यूल आणि हर्ट्‌झ विचारणार काय? मुळीच नाही. आजीबाई आपली माळ कोणाला विकत नाहीत, तिच्या जोरावर कोणाचे औषध बंद करवीत नाहीत, आणि माळेत तंत्रज्ञान आहे असेही म्हणत नाहीत. त्यांचा व्यवहार त्यांच्या देवाशी आहे आणि तेथे मापाऱ्याला प्रवेश नाही. कठीण जागा आहे ती मधली. रुडॉल्फ स्टायनर यांनी जून १९२४ मध्ये कोबेरविट्झ येथे शेतकऱ्यांपुढे दिलेल्या व्याख्यानांतून जी जीवगतिक शेती निघाली, तिच्यात क्वार्ट्‌झची पूड गाईच्या शिंगात भरून जमिनीत पुरतात, काही महिन्यांनी काढतात, आणि एकराला जेमतेम ग्रॅमभर पूड पाण्यात तासभर ढवळून पिकावर फवारतात, जेणेकरून प्रकाशाच्या विश्वशक्ती रोपाला मिळाव्यात. असे करणारे आपल्याकडील काही शेतकरी प्रामाणिक आहेत, शेणखत, फेरपालट, आच्छादन हे सारे ते मनापासून करतात, आणि त्यांची जमीन सुधारलेली दिसते. पण ती सुधारणा शेणखताची की शिंगाची, हे ठरवण्याचा मार्ग प्रत्येक कास्तकाराच्या बांधावर आहे : एकाच वावराचे दोन तुकडे करावे, सर्व मशागत सारखी ठेवावी, फवारा एकावरच द्यावा, आणि वेचणी झाल्यावर दोन्ही ढीग वेगवेगळे तोलावे. विदर्भातील शेतकऱ्याला कर्जापायी काय सोसावे लागते हे ज्यांना ठाऊक आहे, त्यांनी त्याला तुकडे पाडून पाहण्याच्या आधी पैसे मोजावयास लावणारा कोणताही माल विकू नये.

आता कायद्याकडे. १९५४ चा औषधे व जादूटोण्याचे उपाय यांच्या आक्षेपार्ह जाहिरातींविरुद्धचा अधिनियम ताईत, मंत्र, कवच यांना स्पष्टपणे आपल्या कक्षेत घेतो. परंतु विक्रेता आता हुशार झाला आहे, तो रोगाचे नावच घेत नाही, ‘सकारात्मकता’ आणि ‘समतोल’ एवढेच बोलतो, आणि अलगद निसटतो. डॉ. नरेंद्र दाभोलकर यांचा खून झाल्यावर २०१३ साली महाराष्ट्राने केलेला जादूटोणाविरोधी कायदा मोलाचा खरा, पण त्याचा रोख अघोरी प्रथांवर आणि चमत्काराच्या नावाने होणाऱ्या लुबाडणुकीवर आहे; वातानुकूलित दालनात, पावतीसकट, संगणकीय सादरीकरणासह विकलेला लोलक त्याच्या अनुसूचीत बसवणे दुर्घट आहे. उरतो तो वैधमापनाचा २००९ चा अधिनियम, जो १ एप्रिल २०११ पासून अमलात आहे. त्याचे अकरावे कलम असे सांगते की, कोणत्याही मालाच्या वा सेवेच्या संबंधात प्रमाणित परिमाणाखेरीज अन्य परिमाणात किंमत, प्रमाण वा मात्रा व्यक्त करता येणार नाही. गजाने कापड आणि शेराने तूप विकणे ज्या न्यायाने बंद झाले, त्याच न्यायाने बोव्हिसने ऊर्जा विकणे बंद व्हावयास हवे असे माझे मत आहे. ऊर्जेचे प्रमाणित परिमाण ज्यूल, कंपनाच्या वारंवारतेचे हर्ट्‌झ, आणि दोन्ही मोजण्याची उपकरणे कोणत्याही अभियांत्रिकी महाविद्यालयाच्या प्रयोगशाळेत असतात. दिशाभूल करणाऱ्या जाहिरातींसाठी २०१९ चा ग्राहक संरक्षण कायदाही आहेच. केंद्रीय प्राधिकरण त्याखाली उत्पादकाला आणि जाहिरातीत झळकणाऱ्या नामवंतालाही १० लाख रुपयांपर्यंत दंड करू शकते.

वैधमापनाच्या निरीक्षकांना किराण्याची आणि पेट्रोल पंपाची कामेच झेपत नाहीत, त्यांच्यावर हा नवा बोजा कशाला, अशी हरकत खात्याकडून येईल. ती खोटी नाही. परंतु सुरुवातीला सबंध राज्य धुंडाळावयाचे कारणच नाही : जिल्ह्याच्या ठिकाणी पुढले प्रदर्शन भरेल तेव्हा परवानगीच्या अर्जातच आयोजकाकडून हमी घ्यावी की, ऊर्जा, कंपन वा प्रक्षेपण यांचा दावा करणारी प्रत्येक वस्तू परिमाण, मोजण्याची रीत आणि मोजणाऱ्या संस्थेचे नाव लिहूनच मांडली जाईल, ज्याला हे लिहिता येत नसेल त्याने आपला स्फटिक स्फटिक म्हणून, शोभेचा दगड म्हणून, खुशाल विकावा. त्याला गिऱ्हाईक मिळेल. दगड सुंदरच आहेत.